बोटीवरचं नातं आणि व्हॉइस नोट: सहा-सात महिन्यांच्या वापरानंतर

साखरपुडा झाला आणि थोड्याच दिवसांत माझा होणारा नवरा बोटीवर गेला. बल्क कॅरिअरवर, म्हणजे सुटा माल नेणाऱ्या मोठ्या बोटीवर, थर्ड ऑफिसर. मी रत्नागिरीत. आमचं सगळं व्हॉट्सअ‍ॅपवरच चालतं, म्हणून ज्यांचं माणूस बोटीवर आहे त्यांच्यासाठी लिहितेय.

व्हिडिओ कॉलवर भिस्त ठेवू नका. बोटीवर स्टारलिंक, म्हणजे सॅटेलाइटवरचं इंटरनेट, असेल तर भर समुद्रातही चेहरा स्वच्छ दिसतो, हे खरं. पण चीनच्या हद्दीत ते बंद ठेवावं लागतं, आणि तिथलं सिम घेतलं तरी व्हॉट्सअ‍ॅप उघडत नाही. त्यात त्याची वॉच, म्हणजे पहाऱ्याची ड्युटी, सकाळी ८ ते १२ आणि रात्री ८ ते १२. बोट पूर्वेला निघाली की साधारण दर १५ रेखांशांना घड्याळ तासभर पुढे. आज जुळलेली वेळ तीन-चार दिवसांत बिघडते. फोनमधलं वर्ल्ड क्लॉकही कामाचं नाही, कारण तास कधी बदलायचा ते कॅप्टन ठरवतो. कॉल हुकला की दिवसभर कशात मन लागत नाही, आणि लागला तर "जेवलास का?" "जेवलो" यातच संपतो.

आम्हाला तारलं ते व्हॉइस नोटने. रेंज नसताना पाठवली तरी ती थांबून राहते, नेट आलं की जाते. रात्रीची वॉच संपवून तो केबिनमधून बोलतो, मागे इंजिनाची घरघर. एकदा काळोखात बोटीच्या नाकाशी पाणी निळं चमकत होतं, ते त्याने इतकं रंगवून सांगितलं की मी ती नोट अजून ऐकते. फोनच्या कॅमेऱ्यात ते आलंच नसतं. माझ्या नोटमध्ये एसटी स्टँडवरची अनाउन्समेंट आली की तो तेवढाच तुकडा पुन्हा लावतो.

भांडणसुद्धा नोटवर बरं होतं. मध्ये तोडता येत नाही, समोरच्याचं पूर्ण ऐकावंच लागतं. लग्नाच्या हॉलवरून आमचं चांगलंच वाजलं होतं, ते असंच मिटलं. फक्त नोट दीडपट वेगाने ऐकू नका. तो बोलता बोलता कुठे थांबतो, त्यावरून दमलाय की नाही ते मला कळतं.

आवडलेल्या नोटला स्टार करा, बॅकअप चालू ठेवा. आणि साइन ऑन व्हायच्या, म्हणजे बोटीवर रुजू व्हायच्या, आधीच कंपनीला विचारून घ्या की रोज डेटा किती मिळणार आणि त्याचे पैसे कापणार का. मेरिटाइम लेबर कन्व्हेन्शन, म्हणजे बोटीवर काम करणाऱ्यांच्या हक्कांचा आंतरराष्ट्रीय करार, त्यातली दुरुस्ती डिसेंबर २०२४ पासून लागू आहे. शक्य असेल तिथे बोटीवर इंटरनेट द्यावं आणि आकार लावलाच तर तो वाजवी असावा, असं त्यात आहे. बिनधास्त विचारा.