घिबली म्युझियमचं तिकीट कुणाकडून 'जास्तीचं आहे' म्हणून घेऊ नका

मे महिन्यात बहीण आणि भाच्याबरोबर टोकियोला गेले होते. भाचा ८ वर्षांचा, त्याला बाकी काही नको, फक्त टोकियोजवळच्या मिताकाचं घिबली म्युझियम (घिबली या जपानी अ‍ॅनिमेशन स्टुडिओचं), कारण तिथल्या मोठ्ठ्या मऊ कॅटबसमध्ये (त्यांच्या सिनेमातली मांजराच्या रूपातली बस) लहान मुलांनाच चढू देतात हे त्याला कुठूनतरी कळलेलं.

आता या म्युझियमचं असं आहे की गेटवर तिकीट मिळतच नाही. दर महिन्याच्या १० तारखेला जपानच्या सकाळी १० ला, म्हणजे आपल्या साडेसहाला, पुढच्या महिन्याची तिकिटं लॉसन या तिथल्या दुकानांच्या साखळीच्या साइटवर सुटतात, दिवस आणि वेळ ठरवूनच घ्यायची. मला हे कळलं १४ एप्रिलला, तोवर आमचे दिवस फुल.

एका ट्रॅव्हल ग्रुपवर विचारलं तर दहा मिनिटांत मेसेज, तोही मराठीत. "ताई मी टोकियोतच असतो, मित्राचा प्लॅन कॅन्सल झालाय, ३ तिकिटं आहेत." साडेसहा हजार मागितले, यूपीआयने. मोठ्यांचं तिकीट १००० येन, भाच्याच्या वयाला ४००, म्हणजे तिघांचे २४०० येन, आपले दीड हजारही होत नाहीत. हे मला माहीत होतं तरी दिले, कारण माणूस मराठी बोलत होता आणि पोराचा चेहरा डोळ्यासमोर होता. तिकिटाचा फोटो आला, त्यावर कुणा जपानी बाईंचं नाव. विचारलं तर म्हणे नाव कोणी बघत नाही.

बघतात! बुकिंग ज्याच्या नावावर त्याचा पासपोर्ट किंवा ओळखपत्र मागतात, आमच्याकडे मागितलाच. तिथल्या मुलीने फार नम्रपणे, वाकून, पण स्पष्ट नाही सांगितलं, आणि तिचं काहीच चुकलं नाही, हा नियम असल्या दलालांसाठीच आहे. तिथूनच त्याला फोन लावला तर ब्लॉक.

बाहेर खोट्या तिकीट खिडकीत तोतोरो (घिबलीच्या सिनेमातला गुबगुबीत प्राणी) बसवलाय, भाचा त्याच्या काचेला नाक लावून उभा राहिला आणि नंतर स्टेशनपर्यंत एक शब्द बोलला नाही. मला अजून ते आठवलं की पोटात कालवतं.

आल्यावर १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर तक्रार केली (पैसे गेल्या गेल्या करायला हवी होती, तेव्हा रक्कम अडवता येण्याची शक्यता जास्त असते), अजून काही परत आलेलं नाही. यूपीआय आयडी आणि चॅट जपून ठेवलंय, याच माणसाने तुम्हालाही गाठलं असेल तर मेसेज करा, तक्रारीला जोडायला देते.