निरोध, गोळी की दोन्ही? रिपोर्टनंतर पुन्हा जवळ येताना

ह्यांचा एचआयव्हीचा रिपोर्ट पॉझिटिव्ह, माझा निगेटिव्ह. नंतरचे तीन महिने आम्ही एकाच खोलीत दोन अंथरुणं घालायचो. माझा हात लागला तरी हे दचकायचे. आमच्या वयाच्या गोंयकारांच्या मनात १९८९ साल बसलेलं आहे. त्या वर्षी डॉमिनिक डिसोझांना एचआयव्ही निघाला म्हणून म्हापशात ६४ दिवस कोंडून ठेवलं होतं. तीच भीती घेऊन आम्ही बांबोळीच्या एआरटी केंद्राची, म्हणजे एचआयव्हीचे उपचार देणाऱ्या सरकारी केंद्राची पायरी चढलो.

आज या पेचात असलेल्या जोडप्यांसाठी लिहिते.

निरोध आजपासून वापरता येतो, कशाची वाट पाहावी लागत नाही. इतर गुप्तरोगांपासूनही बऱ्याच प्रमाणात राखतो. पण प्रत्येक वेळी हवाच. फाटला तर ७२ तासांच्या आत डॉक्टरकडे जाऊन २८ दिवसांच्या गोळ्या सुरू करायच्या. आणि मूल हवं असेल तर तोच आड येतो.

दुसरा मार्ग पॉझिटिव्ह जोडीदाराच्या रोजच्या गोळ्यांचा. सरकारी केंद्रात त्या फुकट मिळतात. नेमाने घेतल्या तर बहुतेकांचा व्हायरल लोड, म्हणजे रक्तातल्या विषाणूंचं प्रमाण, सहा महिन्यांत अगदी खाली येतो. तो रक्ताच्या एका मिलिलिटरमागे २०० च्या खाली टिकला, तर संबंधांतून विषाणू जात नाही. हे मला आधी पटलंच नाही. मग ‘पार्टनर’ नावाच्या अभ्यासाबद्दल कळलं: जोडप्यांचे सुमारे ५८ हजार वेळा निरोधाविना संबंध आले आणि उपचार घेणाऱ्या जोडीदाराकडून एकालाही लागण झाली नाही. मूल हवं असेल तर मला हाच मार्ग सरस वाटतो, वीर्य धुऊन घेण्याच्या (प्रयोगशाळेत त्यातला विषाणू वेगळा करण्याच्या) खर्चात पडायची गरज उरत नाही. अट एकच, गोळी चुकवायची नाही. आणि लोड अंदाजाने ठरवायचा नाही, रिपोर्ट हातात हवा.

प्रेप म्हणजे निगेटिव्ह जोडीदाराने घ्यायची गोळी. लोड उतरेपर्यंतच्या काळात किंवा समोरच्याच्या गोळ्या चुकत असतील तेव्हा ती उपयोगी पडते. मात्र आधी एचआयव्हीची आणि मूत्रपिंडाची तपासणी करावी लागते. शंका असेल तर १०९७ या एड्स हेल्पलाइनवर फोन करा, नाव सांगावं लागत नाही.

आम्ही पहिले सहा महिने निरोध वापरला. लागोपाठ दोन रिपोर्ट चांगले आले, तेव्हा डॉक्टरांना विचारून सोडला. दुसरं अंथरूण मात्र त्याच्या कितीतरी आधी गुंडाळलं. मिठीने, चुंबनाने, एका पांघरुणात झोपल्याने हा विषाणू जात नाही. ते तीन महिने उगाच गेले.