भुसावळ रस्त्यावरची महाथाळी आणि कोबायाशीची युक्ती

जळगावहून भुसावळकडे जाताना महामार्गालगत लागणाऱ्या एका भरीत-भाकरीच्या हॉटेलात गेल्या पौषात आम्ही गेलो, ते केवळ भाच्याच्या हट्टामुळे. तेथील ‘महाथाळी’त एक किलो भरीत, कळण्याच्या म्हणजे ज्वारी-उडदाच्या पिठाच्या आठ भाकरी, दोन वाट्या शेवभाजी आणि ताटभर खिचडी असते. हे सारे 40 मिनिटांत संपवल्यास आगाऊ घेतलेले 900 रुपये परत मिळतात.

भाच्याचे दैवत म्हणजे खाण्याच्या स्पर्धा गाजवणारा जपानचा ताकेरू कोबायाशी. 2001 साली न्यूयॉर्कच्या कोनी आयलंडवरील हॉट डॉग खाण्याच्या स्पर्धेत पहिल्यांदाच उतरलेल्या या सडपातळ तरुणाने 12 मिनिटांत 50 हॉट डॉग खाल्ले, तेव्हा आधीचा विक्रम जेमतेम 25चा होता. हॉट डॉगच्या पावातले सॉसेज मधोमध मोडून दोन्ही तुकडे एकदम तोंडात घालायचे आणि पाव वेगळा करून पाण्यात बुडवून गिळायचा, ही त्याची युक्ती. तिच्या बळावर तो सलग सहा वर्षे जिंकला आणि 2007 मध्ये जोई चेस्टनटकडून 66 विरुद्ध 63 असा हरला.

भाच्याने हीच युक्ती कळण्याच्या भाकरीवर चालवली. ती भाकरी पाण्यात पडताच फुगली, बुळबुळीत झाली आणि पावासारखी घशाखाली उतरण्याऐवजी टाळूला चिकटून बसली. वाढणाऱ्या आजोबांना ते पाहवेना. “भाऊ, भाकरीले पानी कायले?” एवढेच ते म्हणाले. पाचव्या भाकरीला भाच्याने हात टेकले.

भरिताबद्दल मात्र तक्रारीला जागा नाही. पांढरट हिरवी, बोटाने दाबली तर दबणारी भरिताची वांगी काड्यांच्या जाळावर भाजून, हिरवी मिरची आणि लसणासह बडगीत म्हणजे ठेचायच्या लाकडी भांड्यात ठेचलेली होती. वर कांद्याची पात आणि आख्खे शेंगदाणे. जाळाचा वास घासाघासाला येत होता, पण करपटपणा नव्हता, आणि तेल तर्री म्हणून नव्हे तर चवीपुरतेच होते. शेवभाजी त्या मानाने बेताची. शेव ताटात येईपर्यंत विरघळून गेली होती.

माझा खरा आक्षेप नियमावर आहे. महाथाळीतले उरलेले अन्न बांधून देत नाहीत, त्यामुळे जवळपास अर्धा किलो उत्तम भरीत आमच्या डोळ्यांदेखत बादलीत गेले. विनंती करूनही गल्ल्यावरच्या गृहस्थांनी फलकाकडे बोट दाखवले. ज्या भागात चंपाषष्ठीपर्यंत वांग्याची वाट पाहणारी घरे आहेत, तेथे हे फार खटकते. गाडीत बसल्यावर मी भाच्याला सांगितले की कोबायाशीला आता भूकच जाणवत नाही, हे त्याने स्वतः 2024 मध्ये सांगितले आहे. भाचा काही बोलला नाही. पोट धरून बसला होता.

साधी थाळी 180 रुपयांना मिळते आणि तीत दोन भाकरींसोबत पोटभर भरीत असते. दुपारी एकच्या आत जावे, नंतर कळण्याची भाकरी संपते.