दे सिका: आधी निर्माता पाहावा की नट?

इटालियन दिग्दर्शक, निर्माते आणि नट व्हित्तोरियो दे सिका यांच्या कारकिर्दीत शिरायला दोन वाटा आहेत आणि हाताशी मोजकाच वेळ असेल तर त्यांतली एक आधी निवडावी लागते. एक वाट त्यांनी स्वतः पैसा उभा करून काढलेल्या चित्रपटांची, दुसरी त्यांनी नट म्हणून केलेल्या भूमिकांची. १९५२ साली मुंबईत भरलेल्या पहिल्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात त्यांचा ‘बायसिकल थीव्ज’ दाखवला गेला, तेव्हापासून आपल्याकडे बहुतेक जण पहिल्याच वाटेने जातात.

त्या वाटेचे मोल मी कमी लेखत नाही. अमेरिकन निर्माते डेव्हिड सेल्झनिक यांनी ‘बायसिकल थीव्ज’च्या नायकाच्या भूमिकेसाठी हॉलिवूडचे नट कॅरी ग्रँट यांचे नाव सुचवले, तेव्हा दे सिका यांनी तो पैसा नाकारला आणि लाम्बेर्तो माज्जोरानी या कारखान्यातील कामगाराला उभे केले. ‘उंबेर्तो डी.’मध्ये निवृत्त कारकुनाची भूमिका त्यांनी एका प्राध्यापकाला दिली. तो चित्रपट १९५२ साली तिकीटबारीवर आपटला. असे धाडस आपला पैसा पणाला लावणारा निर्माताच करू जाणे.

तरीही या चित्रपटांत मला एक गोष्ट दर वेळी खटकते, ती म्हणजे आलेस्सांद्रो चिकोन्यीनी यांचे पार्श्वसंगीत. ‘बायसिकल थीव्ज’च्या अखेरीस लहानगा ब्रूनो रडणाऱ्या बापाचा हात धरतो. तो हातच पुरेसा असताना व्हायोलिने उसळतात आणि आता डोळे पुसा, असे जणू बजावतात. एकदा हे कानाला जाणवले की विसरता येत नाही, ‘उंबेर्तो डी.’ पाहतानाही माझे लक्ष पडद्यावरून त्या सुरांकडेच जाते. इतर कुणाला ते मुळीच खटकणार नाही, हेही शक्य आहे. माझा कौल मात्र त्यानेच फिरवला.

दुसऱ्या वाटेवर निवडानिवड फार करावी लागते, कारण दे सिका यांनी पैशासाठी पुष्कळ सामान्य कामे स्वीकारली. पण दिग्दर्शक रोबेर्तो रोस्सेलीनी यांच्या १९५९च्या ‘जनरल देल्ला रोव्हेरे’मधील बार्दोने पाहावा. कैद्यांच्या नातेवाइकांकडून पैसे उकळणारा हा जुगारी जर्मनांच्या सांगण्यावरून तुरुंगात एका सेनानीचे सोंग घेतो आणि हळूहळू ते सोंगच त्याला गिळून टाकते. त्याची कीव करावी की तिरस्कार, हे दे सिका यांचा चेहरा शेवटपर्यंत ठरवू देत नाही. १९५४च्या ‘नेपल्सचे सोने’मध्ये, स्वतःच्याच दिग्दर्शनाखाली, ते दरवानाच्या पोराशी पत्ते खेळून हरत राहणारा उमराव झाले आहेत, दे सिका स्वतः जुगाराचे व्यसनी होते, हे ठाऊक असेल तर हरल्यावरच्या त्या रागावण्यातली अगतिकता अधिकच झोंबते.

म्हणून, कुणी विचारलेच तर, मी आधी नटाकडे जायला सांगेन. अननुभवी कलावंतांना ते प्रत्येक हालचाल स्वतः करून दाखवत असत. त्यांचा अभिनय ओळखीचा झाल्यावर उंबेर्तो भीक मागायला तळहात पुढे करतो आणि कुणी नाणे देऊ लागताच पाऊस पडतोय का ते पाहत असल्यासारखा तो उलटा करतो, त्या क्षणी कॅमेऱ्यामागचा नटही दिसू लागतो. उलट क्रमाने गेल्यास ही ओळख पटायला बराच उशीर होतो.