विचार सुधारणारी पाच पुस्तकं: एक उन्हाळा काढल्यानंतरचा अनुभव

आधी तक्रार, मग कौतुक. डॅनियल काहनेमन यांच्या 'थिंकिंग, फास्ट अँड स्लो'ची माझी प्रत ऐन वैशाखात सुटली. पाठीचा डिंक वाळून करकरीत झाला, मधोमध चीर गेली आणि पानं गठ्ठ्यानं हातात आली. अमळनेरचा मे महिना कसा असतो ते खान्देशात सांगायची गरज नाही. माझं मोटर रिवायंडिंगचं, म्हणजे जळालेल्या मोटरीत नवी तार भरायचं, दुकान पत्र्याच्या शेडमध्ये आहे आणि आत व्हार्निश वाळवायची भट्टी आहे, हेही मान्य. पण त्याच फळीवर पंपांचे वीस वर्षांपूर्वीचे कॅटलॉग दोन पिनांवर टिकून आहेत. पाचशेच्या घरातल्या पानांचं पुस्तक एक उन्हाळा काढू शकत नाही?

ऑनलाइन विक्रेत्याला फोटो पाठवले. उत्तर आलं, परत करायची मुदत संपली. मी लिहिलं, परत नाही करायचं, बदलून द्या. उत्तर आलं, बदलून घ्यायची मुदतही तीच. मग मुदतीच्या आत फाटायला हवं होतं का, असं विचारलं, तर 'आपल्या अभिप्रायाबद्दल आभार'. त्यानंतर फोनवर जेवढा वेळ घातला तेवढ्यात एक मोनोब्लॉक पंप भरून झाला असता, पण आता हट्टाचा विषय झाला होता.

शेवटी गावातल्या बाइंडरकडे नेलं. वह्या-रजिस्टरं बांधणारे जुने गृहस्थ आहेत. पाठ बघून म्हणाले, "भाऊ, यात जुज नाहीच. सुटी पानं कापून नुसती डिंकावर चिकटवलीत." जुजबंदी, म्हणजे पानांच्या घड्या शिवून केलेली बांधणी, असती तर दोरा असता आणि दोऱ्यानं धरलं असतं. आता बाजूनं टोचून शिवणं एवढाच इलाज. ऐंशी रुपये घेतले. शिवण पक्की झाली, पण आतला समास शिवणीत गेला. ओळीचं शेवटचं अक्षर शोधायला पान ताणावं लागतं आणि हात सोडला की पुस्तक मिटतं. माझे हात ग्रीसचे, म्हणून वाचताना वर ३२चा पाना ठेवतो.

माणूस निर्णयात कुठे घसरतो यावर एवढा अभ्यास करणाऱ्यांपैकी कोणालाच सुचू नये, की पुस्तक टेबलावर उघडं राहिलं पाहिजे? पाचांपैकी चार पुस्तकं उघडी राहत नाहीत. त्या चौघांचा एकेक तारा मी कापला आहे आणि तो परत मिळणार नाही.

आता आतल्या मजकुराकडे. इंग्रजीला घाबरू नका. मी डिप्लोमा रडतखडत केला, तेवढ्या इंग्रजीवर पाचही वाचून होतात, फक्त काहनेमन सावकाश.

काहनेमन मानसशास्त्राचा माणूस, २००२ साली नोबेल मिळालं ते अर्थशास्त्राचं. पुस्तक २०११चं. सुरुवातीला मी भारावून गेलो होतो. त्यातलं बॅट आणि चेंडूचं कोडं मी गिऱ्हाइकांना आपल्या भाषेत घालायचो: मोटर आणि स्टार्टर मिळून अकरा हजार, मोटर स्टार्टरपेक्षा दहा हजारांनी महाग, तर स्टार्टर केवढ्याला? सगळे म्हणायचे एक हजार. इंजिनिअरही. एका कापूस व्यापाऱ्यानं फोनवरून नजर न काढता सांगितलं, पाचशे. झटपट डोकं आणि सावकाश डोकं असे दोन भाग पुस्तकानं केलेत, हा माणूस त्यातल्या कुठल्या खणात बसतो हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

मग राग आला तो चौथ्या प्रकरणामुळे. म्हातारपणाशी संबंधित शब्द नजरेखालून गेले की तरुण पोरंही हळू चालतात, अशा जातीचे प्रयोग तिथे आहेत आणि यावर अविश्वास दाखवायला जागाच नाही अशा थाटात लेखक ते सांगतो. पुढे दुसऱ्यांनी प्रयोग करून पाहिले तर यातले बरेच निकाल काही पुन्हा आले नाहीत. २०१७ मध्ये काहनेमन यांनी स्वतः लिहून टाकलं, की फार लहान नमुन्यांच्या अभ्यासांवर आपण गरजेपेक्षा जास्त भरवसा ठेवला. माणूस मोठा. पण मी घेतलेल्या प्रतीत याची एक ओळ नाही. गंमत अशी की सगळ्यात आधी सुटलेला गठ्ठा नेमका तिथलाच होता. पंपात एखादा भाग खराब निघाला तर कंपनी निदान चिठ्ठी तरी पाठवते.

एवढं बोलून झाल्यावरही एक गोष्ट उरते. काहनेमन इस्रायलमध्ये शाळेसाठी निर्णयशास्त्राचा अभ्यासक्रम आणि पुस्तक तयार करणाऱ्या गटात होते. गटाचा अंदाज साधारण दोन वर्षांचा. त्यातल्याच जाणकाराला विचारलं, की अशा इतर गटांना किती वेळ लागला? तो म्हणाला, सात ते दहा वर्षं, आणि बऱ्याच जणांचं पूर्णच झालं नाही. तरी गट कामाला लागला. आठ वर्षं लागली. हे वाचल्यापासून "भाऊ, मोटर कधी मिळेल?" याला "उद्या" म्हणणं मी बंद केलं. जुनी वही उघडतो, त्या हॉर्सपॉवरच्या मोटरला एरवी किती दिवस लागले ते बघतो आणि तेच सांगतो. गिऱ्हाईक तोंड वाकडं करतं, पण रोज फोन करत नाही. म्हणून साडेतीनवरून पुन्हा चार.

रोल्फ डोबेली यांचं 'द आर्ट ऑफ थिंकिंग क्लिअरली' लवकर आटपतो. ९९ प्रकरणं, प्रत्येक दोन-तीन पानांचं. धुळ्याच्या एसटीत उत्तम. उतरल्यावर काही आठवत नाही. अडीच.

एडवर्ड डी बोनो यांचं 'सिक्स थिंकिंग हॅट्स' १९८५चं. पांढरी टोपी माहितीची, लाल भावनेची, काळी धोक्याची, पिवळी फायद्याची, हिरवी नव्या कल्पनांची, निळी चर्चा चालवणाऱ्याची. एका वेळी सगळ्यांनी एकाच टोपीतून बोलायचं म्हणजे भांडण होत नाही, असा दावा. बोअरमधून मोटर काढायची गाडी कर्जावर घ्यावी का, यावर घरी प्रयोग केला. नाना म्हणाले, "मन्ही टोपी धवळी शे, तीच ऱ्हाऊ दे." बायको म्हणाली, काळी मला कायमची द्या. पाहुणा म्हणून आलेला मेहुणा हिरवी घालून बसला आणि जेवणापर्यंत उतरवेना. गाडी घेतली नाही, पण ती टोप्यांमुळे नव्हे, व्याजामुळे. एक मात्र खरं, काळ्या टोपीची पाळी आल्यावर दुकानातला भागीदार पहिल्यांदा मोकळेपणानं बोलला, की त्याला कर्जाची भीती वाटते. एरवी तो मला बरं वाटावं म्हणून हो म्हणत होता. कल्पना चार पानांची, पुस्तक कितीतरी जास्त. दोन.

आता 'द चेकलिस्ट मॅनिफेस्टो'. अतुल गवांदे अमेरिकेतले सर्जन, वडील आपल्याच यवतमाळ जिल्ह्यातले. पुस्तक २००९चं. पहिल्या वाचनात मी दोन तारे दिले होते आणि शेजारच्या मेडिकलवाल्याला सांगितलं होतं, की मासिकातला लेख ताणून पुस्तक केलंय. ते अर्धं खरंही आहे, २००७चा लेख आहेच. गोष्टी सगळ्यांना माहीत असलेल्या. १९३५ मध्ये बोइंगचं नवं बॉम्बर विमान चाचणीत कोसळलं, कारण वाऱ्यात शेपटीचे पडदे हलू नयेत म्हणून लावलेली कडी काढायला अनुभवी वैमानिक विसरला. त्यातून वैमानिकांची यादी जन्मली. मग ऑपरेशन थिएटरसाठी १९ मुद्द्यांची यादी, आठ देशांतली आठ रुग्णालयं, त्यात दिल्लीचंही एक, आणि मृत्यूचं प्रमाण १.५ टक्क्यांवरून ०.८ वर. ठीक आहे, मला त्याचं काय?

मत बदललं ते हंगामात. सबमर्सिबलचं, म्हणजे बोअरच्या पाण्यात बुडवलेल्या पंपाचं, दुखणं असं, की मोटर चारशे फूट खाली असते. शेतकरी रात्रपाळीच्या विजेवर पाणी भरायला जातो, मोटर उचलत नाही, सकाळी सहाला दुकानाबाहेर उभा: "भाऊ, मोटर जळी गई." तिवई, चेनपुली, चार माणसं घेऊन आपण जातो, पाईप काढत काढत मोटर वर आणतो आणि मोटर ठणठणीत. बिघाड वर स्टार्टरमध्ये, म्हणजे मोटर चालू करायच्या पेटीत. मजुरी मात्र शेतकऱ्याच्या डोक्यावर. रिवायंडिंगवाल्यांपैकी ज्यानं हे पाहिलं नाही असा मला भेटलेला नाही.

मग कार्ड केलं. पहिलं पाठपोट भरलेलं होतं आणि पोरं ते वाचेनात. गवांदे बोइंगच्या तज्ज्ञाचा नियम सांगतात: पाच ते नऊ मुद्दे, एक पान, मिनिटा-दीड मिनिटात संपणारं. जे कोणी विसरत नाही ते लिहायचंच नाही, जे विसरलं तर जीव जाईल तेवढंच ठेवायचं. मग सात उरले. तिन्ही फेज येतात का. फ्यूज. ओव्हरलोड रिले (जास्त लोड आला की मोटर बंद पाडणारा) ट्रिप आहे का. कॉन्टॅक्टरचे (स्टार्टरमधल्या वीज जोडणाऱ्या स्विचचे) पॉइंट जळालेत का. बोअरच्या तोंडाशी केबलचा जॉईंट. मेगर (इन्सुलेशन तपासायचं मीटर) लावून इन्सुलेशन. पाण्याची पातळी. सातही मोठ्यानं वाचल्याशिवाय चेनपुली गाडीत चढवायची नाही. लॅमिनेशनला वीस रुपये.

मारवडकडचे एक आप्पा होते, मोटर काढा म्हणून हटून बसलेले. कार्डाच्या चौथ्या ओळीला काम संपलं, कॉन्टॅक्टरचा एक पॉइंट गेला होता. आप्पांना वाटलं आपण टाळतोय. पाणी आल्यावर चहा पाजला.

यात एक भानगड पुस्तकात नाही. मोटर काढण्याची मजुरी हे आमचंही उत्पन्न होतं. भागीदार म्हणाला, हे कार्ड आपल्याला परवडणारं नाही. पहिले दोन महिने त्याचं बरोबर होतं, गल्ला दिसायला हलका झाला. हंगाम चढल्यावर माणसं मिळेनात तेव्हा उलटं झालं, खोट्या फेऱ्या वाचल्या आणि खऱ्या जळालेल्या मोटरी जास्त आल्या. दवाखान्यातल्या मृत्यूचा आकडा खाली आला तर सगळे टाळ्या वाजवतात. वाचलेल्या फेरीचा तोटा कोणी सोसायचा यावर गवांदे गप्प आहेत. तरी चार. बांधणीचा एक गेलाच, नाहीतर पाच.

जॉर्ज पोल्या यांचं 'हाऊ टू सॉल्व्ह इट' १९४५चं. जळगावला जुन्या पुस्तकांत मिळालं, पाचांत सगळ्यात स्वस्त. आणि शिवलेलं! टेबलावर ठेवलं की उघडं पडून राहतं. पाना लागत नाही, हात लागत नाही. मला एवढा आनंद झाला की पहिल्या दिवशी वाचलंच नाही, नुसतं उघडून ठेवलं. बाइंडरला दाखवायला नेलं तर तेही दोऱ्यावरून बोट फिरवत बसले.

लेखक हंगेरीत जन्मलेला गणिती, उदाहरणं भूमितीची, खोलीच्या कोपऱ्यापासून समोरच्या वरच्या कोपऱ्यापर्यंतच्या कर्णाची वगैरे. ती ओलांडली तरी चालतात. प्रश्न ठेवायचे: शोधायचं काय आहे, दिलेलं काय आहे, अट काय आहे. 'मोटर जळाली' हे गिऱ्हाइकानं आपणच काढलेलं उत्तर झालं. दिलेलं वेगळं असतं: घूं आवाज येत होता की काहीच नाही, पाणी हळूहळू कमी झालं की एकदम. आयटीआयचा पोरगा आता हेच विचारतो.

शेवटची पायरी मागे वळून पाहण्याची, ती आम्ही कोणीच करत नव्हतो. जळालेली मोटर आली की तार कापायची आणि नवी भरायची. आता आधी कॉईल बघतो. स्टार जोडणीत दोन फेजच्या काळ्या आणि तिसरी कोरी असेल तर एक फेज गेला होता, दोष शेतातल्या फ्यूजचा किंवा लाईनचा. तिन्ही सारख्याच काळ्या असतील तर जास्त लोड किंवा जाम झालेला पंप. हे सांगितल्याशिवाय मोटर परत दिली तर तीच मोटर महिन्यात पुन्हा येते आणि शेतकरी म्हणतो, भरलीच खराब. पाच. बांधणीसकट पाच.

नव्यानं घ्यायची वेळ आली तर पोल्या आणि गवांदे दोनच घेईन, काहनेमन वाचनालयातून आणेन. दुकानात घेताना पाठ उघडून दोरा आहे का ते बघा, विक्रेता हसला तरी. डोबेली आणि डी बोनो मला अर्ध्या किमतीत काढायचे आहेत. रोख, घासाघीस चालेल. डी बोनोच्या मुखपृष्ठावर ग्रीसचा अंगठा आहे, तो आधीच सांगून ठेवतो.