गॅलेक्सी: दापोली-रत्नागिरीच्या नेटवर जीनोमचं काम

हापूसचा नाहीतर बांगड्याचा सिक्वेन्सिंग डेटा आहे, पण सर्व्हर नाही? ब्राउझरमधली मोफत गॅलेक्सी ही जीनोम-विश्लेषणाची वेबसाइट वापरा. पावसात वीज गेली तरी लावलेलं काम तिकडच्या सर्व्हरवर चालू राहतं. एसआरए या सिक्वेन्सिंग डेटाच्या सार्वजनिक संग्रहातल्या फाइल्स तर उतरवूच नका; अ‍ॅक्सेशन क्रमांक (त्या डेटाचा नोंद क्रमांक) दिला की गॅलेक्सी त्या परस्पर खेचते.

खरी गोची फाइलच्या प्रकारात. सिक्वेन्सिंगच्या फाइलला प्रकार म्हणून नुसतं ‘फास्टक्यू’ लागलं, तर बीडब्ल्यूए-मेम या सिक्वेन्स जीनोमशी जुळवणाऱ्या टूलच्या यादीत फाइल दिसतच नाही. पेन्सिलच्या खुणेवर क्लिक करून डेटाटाइप ‘फास्टक्यूसँगर’ करा. फाइल जीझिपने कॉम्प्रेस केलेली असेल तर ‘फास्टक्यूसँगर.जीझेड’.

डिलीट केलेल्या फाइल्सही पर्ज (कायमच्या नष्ट) करेपर्यंत कोटा, म्हणजे तुम्हाला मिळालेली साठवणीची जागा, खातात, हे कुणी सांगत नाही. रांग मात्र वैताग आणते. थांबलेल्या कामाची राखाडी चौकट तासन्‌तास हलत नाही. रद्द करून पुन्हा लावू नका, नंबर मागे जातो.