नौपाड्यातलं कॅसेटवाल्यांचं दुकान: काम चोख, फक्त चित्राची चौकट आधी सांगून ठेवा

जुन्या व्हीएचएस कॅसेट पेनड्राइव्हवर उतरवून देणारी दुकानं ठाण्यात आता शोधावी लागतात. राम मारुती रोडला लागून असलेल्या एका गल्लीत, पहिल्या मजल्यावर असं एक दुकान आहे. तिथे गर्दी असते ती लग्नामुंजीच्या कॅसेटवाल्यांची. मी नेलेल्या कॅसेट वेगळ्या होत्या. बाबांनी टीव्हीवरून टेप केलेले 'रामायण'चे भाग, 'श्री ४२०' आणि 'अनाडी'. तिन्हींत अभिनेत्री ललिता पवार आहेत. बाबा मूळचे येवल्याचे, ललिता पवारांचा जन्मही येवल्याचा, १९१६ सालचा. गावच्या बाईचं काम म्हणून त्यांनी या कॅसेट जिवापाड जपल्या. त्यामुळे दुकानाचं काम कसं झालंय, हे मी ललिताबाईंच्या चेहऱ्यावरूनच ठरवलं.

तो चेहरा तसा आहेच. १९४२ साली चित्रीकरणात भगवानदादांची थप्पड जरा जास्तच जोरात बसली, चेहऱ्याला अर्धांगवायू झाला, उपचारांत वर्षं गेली आणि डावा डोळा कायमचा बारीक झाला. नायिकेची कामं संपली. दुसरी कोणी असती तर घरी बसली असती. ललिताबाईंनी त्याच डोळ्याच्या जोरावर पुढची चार-साडेचार दशकं गाजवली. लोक त्यांना 'खाष्ट सासू' म्हणून मोकळे होतात, याचा मला मनापासून राग येतो. १९५५ हे एकच साल घ्या. 'मिस्टर अँड मिसेस ५५' मध्ये मधुबालाला धाकात ठेवणारी श्रीमंत सीतादेवी, आणि त्याच साली 'श्री ४२०' मध्ये फुटपाथवरची केळेवाली गंगामाई. बाई तीच, पण मान धरण्याची ढबसुद्धा वेगळी! 'अनाडी'तली मिसेस डिसा तोंडाने फटकळ आणि आतून मायेची. त्या भूमिकेला फिल्मफेअर मिळालं.

आता दुकानाबद्दल. कॅसेट हातात घेतल्यावर तिथल्या काकांनी आधी झाकण उचलून फितीची कड बॅटरीच्या उजेडात बघितली. 'अनाडी'वर पांढरी बुरशी होती. ती तशीच मशीनमध्ये घातली असती तर फीत वाचणारं हेड खराब होऊन पुढच्या कॅसेटचंही वाटोळं झालं असतं. त्यांनी ती बाजूला ठेवली, साफ करून सगळ्यात शेवटी चालवली. याबद्दल पैकीच्या पैकी गुण. आवाज स्वच्छ आलाय. मुंग्या फक्त सुरुवातीला थोड्या दिसतात.

खटकलं ते एकच. पहिल्या खेपेला 'रामायण'चं चित्र त्यांनी रुंद टीव्हीच्या मापाने ताणून दिलं होतं, शिवाय दाणे घालवायला चेहरे गुळगुळीत केले होते. कैकेयीचे कान भरणारी ललिताबाईंची मंथरा बघा. उजवा डोळा कैकेयी झालेल्या पद्मा खन्नांवर रोखलेला, डावा अर्धवट मिटलेला, ओठाचा एक कोपरा किंचित ओढलेला. मंथरेचं सगळं कपट त्या दोन डोळ्यांच्या फरकात आहे. ताणलेल्या चित्रात गाल फुगले होते आणि सुरकुत्या पुसल्या जाऊन डावा डोळा नुसता डाग दिसत होता. सत्तरी ओलांडलेल्या बाईंनी केलेलं एवढं काम वाया!

मी परत गेले. काका म्हणाले, "ताई, बाजूला काळ्या पट्ट्या आल्या की गिऱ्हाईक कुरकुर करतं." मी म्हटलं, "काका, पट्ट्या येऊ देत, पण बाईंचा चेहरा होता तसा द्या." त्यांनी तिथेच मंथरेचा प्रसंग दोन्ही तऱ्हांनी लावून बघितला, दोनदा बघितला, आणि सगळं काम जास्तीचा एक पैसा न घेता जुन्या टीव्हीच्या ४:३ मापात पुन्हा करून दिलं. आता डोळा दिसतो. 'अनाडी'त राज कपूरवर खेकसतानाची पापणीची फडफडसुद्धा.

कॅसेट देतानाच सांगा: माप ४:३ ठेवा, चेहरे गुळगुळीत करू नका. फाईल घरी नेण्याआधी तिथल्याच टीव्हीवर एखादा जवळून घेतलेला चेहरा लावून बघा. मूळ कॅसेट आठवणीने परत मागून घ्या. जिना उभा आहे, गुडघे दुखत असतील तर सोबत कोणाला तरी न्या; आणि गाडी आणूच नका, लावायला जागा नाही, स्टेशनवरून चालत यायचं.